बंगाली सुनेचं काय बदललं? वाचकांचे प्रश्न, ताईची उत्तरं

मागच्या अंकात मी माझ्या सासरच्या दुर्गापूजेबद्दल लिहिलं होतं. मी माहेरची नागपूरची, सासर दक्षिण कोलकात्यात. त्या लेखात सहज लिहून गेले की आमच्या घरातल्या जावांमध्ये रोज शांखा-पोला, म्हणजे लग्न झालेल्या बंगाली बाईच्या बांगड्या, घालणारी आता एखादीच उरलीय, पण दशमीला मात्र सगळ्या लाल काठाच्या पांढऱ्या साडीत नटून रांगेत उभ्या असतात. त्या एका वाक्यावर एवढे मेल आले की संपादकबाई म्हणाल्या, या वेळचा कॉलम त्यालाच देऊन टाका. काही पत्रं प्रेमाची होती, काही भांडणाची, एक तर चक्क शिव्यांचं होतं, ते बाजूला ठेवलंय. निवडक घेतेय.

ताई, मुलगा पुण्यात आयटीत आहे, त्याने कोलकात्याची मुलगी पसंत केलीय. मुलगी लाघवी आहे पण तिने आत्ताच सांगून टाकलं की लग्नानंतर शांखा, पोला, सिंदूर रोज घालणार नाही, मंगळसूत्रही नाही. आमच्या सोसायटीतल्या बंगाली काकू तर हे सगळं झोपतानाही काढत नाहीत. मग हे त्यांच्याकडे खरंच चालतं, की आम्ही मराठी म्हणून आम्हाला गृहीत धरतेय?
– एक होणाऱ्या सासूबाई, कोथरूड

चालतं हो. आणि तुम्ही मराठी असण्याचा याच्याशी काडीचाही संबंध नाही, ते आधी मनातनं काढून टाका. तिची आई तिला हेच फोनवर रोज ऐकवत असणार, माझी पैज.

आधी हे दागिने काय असतात ते सांगते, कारण आपल्याकडे बऱ्याच जणींना ती नुसती लाल-पांढरी बांगडी वाटते. शांखा म्हणजे खऱ्या शंखातून कापून काढलेली बांगडी. शंख येतो तो मुख्यतः तमिळनाडूकडच्या मन्नारच्या आखातातून, आणि कापणं, घासणं, कोरणं हे काम बंगालमधल्या शांखारी लोकांचं. ढाक्यात तर त्यांचा अख्खा शांखारी बाजार आहे, आणि इकडे बांकुडा जिल्ह्यात विष्णुपूरला अजून घराघरात हे काम चालतं. पोला म्हणजे पोवळ्याची लाल बांगडी, हल्ली बहुतेक वेळा पोवळं सोडून दुसरंच काहीतरी असतं त्यात. तिसरी लोखंडाची, तिला नोआ म्हणतात किंवा नुसतं लोहा. सून घरात आली की सासू ती तिच्या डाव्या हातात घालते, आणि ऐपत असेल तर वरून सोन्याने मढवून देते. घराघरात फरक असतो, घोटी म्हणजे पश्चिमेकडचे आणि बांगाल म्हणजे पूर्व बंगालातून आलेले, यांच्यात तर लग्नाच्या एकेका रीतीवरून वाद होतात, तो विषय काढूच नका.

आता शांखा घालायचा कसा, तर तो उघडत नाही आणि वाकतही नाही. कोलकात्यातल्या गडियाहाटच्या दुकानात मला पहिल्यांदा घातला तेव्हा दुकानदाराने हाताला साबणाचं पाणी लावलं, अंगठा तळव्यात दाबून बोटं अशी काही आवळली की डोळ्यातून पाणी आलं, आणि तो शांतपणे म्हणतोय, "झालंच दिदी, झालंच." एकदा चढला की रोज काढघाल करायचा विषयच संपला. आणि आपटला की गेला, शंखच तो. मेट्रोच्या दांड्याला आपटतो, लॅपटॉपवर खटखट वाजतो. माझी एक नणंद डेंटिस्ट आहे, ग्लोव्ह्जखाली शांखा कसा घालणार सांगा. मग लोकांनी वाटा काढल्या. सोन्याच्या पट्टीत बसवलेले, फासा असलेले शांखे मिळतात ते काढता येतात, पोल्याचं बारीक ब्रेसलेट मिळतं, काही जणी नुसता लोहा ठेवतात कारण तो कशावरही खपून जातो. सिंदूरही आता भांगभर नसतो, केसांच्या आत लिक्विड सिंदूरची टिकली एवढी रेघ, शोधली तर दिसते.

तुमच्या सोसायटीतल्या काकू खोट्या नाहीत आणि तुमची सूनही खोटी नाही. काकूंच्या वेळी शांखा न घालता बाहेर पडणं म्हणजे नवऱ्याच्या जिवावर उठणं होतं, असं त्यांना सांगितलेलं होतं आणि त्यांनी ते मनापासून मानलं. भीती होती ती. ही भीती गेली की वस्तू उरते, मग माणूस ती हौसेने घालतो किंवा घालत नाही. आणि भीती सगळीकडून गेलीय असंही नाही. शेजारच्या आसाममध्ये एका घटस्फोटाच्या केसमध्ये गुवाहाटी हायकोर्टाने २०२० साली म्हटलं की बायको शांखा-सिंदूर घालायला नकार देते म्हणजे तिला हे लग्नच मान्य नाही असा अर्थ होतो. हायकोर्ट हं, गावातली पंचायत नव्हे. त्यावर बंगालमधल्या बायका जाम उखडल्या होत्या, आमच्या फॅमिली ग्रुपवर सासूबाईंच्या धाकट्या बहिणीने लिहिलं होतं, मग पुरुषांच्या हातात काय बघायचं ते कोर्टाने सांगावं. त्या मावशी स्वतः सिंदूर लावल्याशिवाय दार उघडत नाहीत.

तेव्हा तिला एकच विचारा, लग्नाच्या दिवशी आणि पूजेला घालशील ना. ती घालेलच, तिच्या इन्स्टाग्रामसाठी तरी घालेल.

लाल काठाची पांढरी साडी, पदराला किल्ल्यांचा जुडगा, मोठं कुंकू. सिनेमात बंगाली बाई दाखवायची म्हणजे हेच. हे खरंच पारंपरिक आहे का? किती जुनं आहे? कॉलेजच्या प्रोजेक्टसाठी हवंय.
– एक विद्यार्थिनी, कोल्हापूर

प्रोजेक्टसाठी हवंय म्हणजे नीट लिहिते, पण कॉपी-पेस्ट करू नकोस, सरांना कळतं.

साडी जुनी आहे, तू म्हणतेस तो थाट मात्र बराच नंतरचा. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत कोलकात्याच्या मोठमोठ्या घरातल्या सुना एकच पातळ साडी अंगाभोवती गुंडाळायच्या, आत ना ब्लाउज ना परकर. ते खपून जायचं कारण त्यांना कोणी बघतच नव्हतं, त्या अंदरमहालात असायच्या. गंगेत आंघोळीला न्यायचं तर पालखीसकट पाण्यात बुडवून आणायचे, असे किस्से त्या घरांमधले आहेत.

मग आली ज्ञानदानंदिनी देवी, टागोरांची जोरासांकोची सून. तिचा नवरा सत्येंद्रनाथ हा आयसीएस झालेला पहिला हिंदुस्थानी माणूस, रवींद्रनाथांचा मोठा भाऊ. त्याची नेमणूक झाली आपल्या मुंबई इलाख्यात, आणि १८६४ मध्ये तो बायकोला बरोबर घेऊन निघाला. आता सून घराबाहेर पडणार म्हणजे घालणार काय? कुठल्याशा फ्रेंच दुकानातून एक विचित्र पोशाख शिवून आणला, तो तिला एकटीला घालताही येईना. मुंबईत आल्यावर ती एका पारशी घरात राहिली, तिथल्या बायका साडी कशी नेसतात ते तिने बघितलं, त्यात स्वतःचे बदल केले. खाली परकर, वर जॅकेट किंवा ब्लाउज, निऱ्या, पदर डाव्या खांद्यावर. कोलकात्याला परतल्यावर तिने बामाबोधिनी पत्रिकेत जाहिरातच दिली, कोणाला शिकायचं असेल तर या. ब्राह्मसमाजी बायकांनी ती पद्धत उचलली, म्हणून तिला ब्राह्मिका साडी म्हणायला लागले, आणि सुरुवातीला तर लोक तिला मुंबईची पद्धतच म्हणत. म्हणजे बंगालची "मॉडर्न" बाई घडली त्यात मुंबईचा हात आहे. सत्येंद्रनाथ तर पुढे मराठी शिकला, तुकोबांचे अभंग बंगालीत नेले. हे प्रोजेक्टमध्ये टाक, कोल्हापुरात मार्क मिळतील.

गंमत अशी की सिनेमात दाखवतात ती निऱ्या नसलेली, पुढे रुंद घड्या आणि दोन्ही खांद्यांवरून फिरणारा पदर, ती आटपौरे पद्धत म्हणजे घरातली रोजची. ती आता रोज कोणीच नेसत नाही. पूजेला, लग्नात, नाचाच्या कार्यक्रमात आणि फोटोशूटला नेसतात, आणि ती कशी नेसायची हे मुली यूट्यूबवर बघून शिकतात. माझ्या सासूबाईंना स्वतःला ती नीट येत नाही, त्या नोकरीत होत्या, निऱ्यांची साडी नेसून बसला लटकायच्या.

किल्ल्यांचं मात्र नीट समजून घे कारण खरी गोष्ट तिथे आहे. किल्ल्या होत्या भांडाराच्या, म्हणजे कोठीघराच्या आणि दागिन्यांच्या पेटीच्या. त्या असायच्या गिन्नीच्या, म्हणजे घरातल्या कर्त्या बाईच्या पदराला. सुनेच्या पदराला नव्हे. नवी बौ, म्हणजे सून, घोमटा (तोंडावर ओढलेला पदर) घेऊन वर्षानुवर्षं वाट बघायची, आणि सासू थकली की किल्ल्या तिच्याकडे यायच्या. ती बाई घरातले तांदूळ किती निघायचे हे ठरवायची पण जमीन कोणाला विकायची हे तिला कोणी विचारत नव्हतं. दर गुरुवारी लक्ष्मीची पांचाली वाचायची, जशी आपल्याकडे मार्गशीर्षातल्या गुरुवारी महालक्ष्मीची कथा वाचतात तशीच, फक्त त्यांची वर्षभर. त्या पोथीत चांगली बायको कशी असते हे अगदी सविस्तर आहे. ती हळू बोलते, सगळ्यात शेवटी जेवते. "घरची लक्ष्मी" ही प्रतिमा अशी दर आठवड्याला घोटून घेतलेली आहे, आपोआप आलेली नाही.

शरच्चंद्र मी मामा वरेरकरांच्या भाषांतरातून तरुणपणी वाचले. त्यातल्या स्त्रिया कशा सोशिक, मायाळू, पंख्याने वारा घालत नवऱ्याला जेवू घालणाऱ्या! आताच्या बंगाली मुली बघतो तर दुःख होतं. त्या स्त्रिया कुठे गेल्या?
– एक सेवानिवृत्त शिक्षक, नाशिक

सर, रागावू नका, पण त्या पुस्तकात होत्या आणि अजून पुस्तकातच आहेत. पंखा घालणारीला दुसऱ्या हाताने काय करावंसं वाटत होतं हे लिहिणाऱ्याने विचारलं नव्हतं. म्हणजे शरच्चंद्रांनी बायकांचं दुःख बघितलं हे खरंच, त्यांच्याइतकं त्या काळात कमी पुरुषांनी बघितलं, पण तुमच्यासारख्या वाचकांनी त्यातलं दुःख सोडून सोशिकपणा तेवढा लक्षात ठेवला.

आणि बायकांनी स्वतः लिहिलेलं आहे की. राससुंदरी देवी नावाची बाई, बाराव्या वर्षी लग्न, पदरात बारा मुलं. बाईने वाचलं तर विधवा होते अशी तेव्हाची समजूत. तिने चैतन्य भागवताचं एक पान काढून स्वयंपाकघरात लपवलं आणि मुलाच्या धुळाक्षरांशी ताडून एकेक अक्षर शिकली, घोमट्याच्या आत, चुलीसमोर. मग म्हातारपणी आत्मचरित्र लिहिलं, बंगालीतलं पहिलं मानतात ते. ती सोशिक होती का? दिसायला होती.

कादंबिनी गांगुलीचं नाव तुम्ही ऐकलं असेलच. १८८३ मध्ये चंद्रमुखी बसूबरोबर ती पदवीधर झाली, मग लग्न केलं आणि लग्नानंतर मेडिकल कॉलेजात गेली. १८८६ मध्ये तिला डॉक्टरकीची सनद मिळाली, त्याच वर्षी आपली आनंदीबाई तिकडे फिलाडेल्फियात एमडी झाली. आनंदीबाई लगेच गेली बिचारी, कादंबिनीने मात्र अनेक वर्षं प्रॅक्टिस केली, घरात सावत्र-सख्खी मिळून मुलांचा हा गोतावळा. एका सनातनी बंगाली पत्राने तिला वेश्या म्हणायचा वाह्यातपणा केला, तर ती आणि तिचा नवरा गप्प बसले नाहीत, कोर्टात गेले आणि संपादकाला तुरुंगात धाडलं. तेव्हा भांडखोर बंगाली सून हा काही आजचा प्रकार नाही.

मोठा बदल मात्र पुस्तकांनी झाला नाही, तो फाळणीने झाला. १९४७ नंतर पूर्व बंगालातून लाखो कुटुंबं नुसत्या अंगावरच्या कपड्यांनिशी आली. जादवपूर, विजयगड, टालीगंज भागात कॉलन्या वसल्या, बांबू आणि पत्र्याच्या. पुरुषाच्या एका पगारात भागेना. मग ज्या सुना ढाका-बारिशालला दाराबाहेर येत नव्हत्या त्या टेलिफोन ऑफिसात, शाळेत, सेल्सला जायला लागल्या. माझ्या आजेसासूबाई तशाच, विजयगडमधून पायी शाळेत शिकवायला जायच्या आणि परत येऊन नऊ माणसांचं रांधायच्या. नोकरी करायची परवानगी मिळाली, काम कमी करायची कोणी दिली नाही. सत्यजित रायने १९६३ साली महानगर काढला तो याच बायकांवर, त्यातली सून पर्समधली लिपस्टिक नवऱ्यापासून लपवते. मिळाला तर बघाच सर, तुमच्या पिढीचा आहे.

ताई इन्स्टावर "बंगाली बौदी" सर्च केलं तर काय घाण येते बघितलंय का? माझी वहिनी बंगाली आहे, माझे मित्र तिच्यावर जोक मारतात आणि मला काय बोलायचं कळत नाही.
– एक भाऊ, छत्रपती संभाजीनगर

बघितलंय. बौदी म्हणजे वहिनी, बास. कोलकात्यात भाजीवाला, बसचा कंडक्टर, शेजारचा पोरगा, सगळे लग्न झालेल्या बाईला बौदी म्हणतात, जसं आपण वहिनी म्हणतो. दीर-भावजयीची मैत्री बंगाली साहित्यात फार लिहिली गेली, कारण एकत्र घरात बारा-तेरा वर्षांच्या सुनेला वयाने जवळचा असा दीरच असायचा, नवरा कितीतरी मोठा. त्या एकटेपणातून आलेल्या हळव्या गोष्टींचं पुढे स्वस्त मासिकांनी, मग वेबसिरीजने आणि आता रीलवाल्यांनी चिखल केला. आधी लक्ष्मी, मग हे. मधली जिवंत बाई कोणालाच नकोय.

मित्रांना पुढच्या जोकला सरळ विचार, "माझ्या वहिनीबद्दल बोलतोयस का?" आणि थांब, हसू नकोस. दुसऱ्यांदा कोणी बोलणार नाही. बोललाच तर तो मित्र नाही.

आमच्या शहरातल्या बंगाली मंडळाची दुर्गापूजा असते. मला शेजारणीने सिंदूर खेळायला बोलावलं. माझे मिस्टर जाऊन काही वर्षं झाली. जाऊ का? त्यांच्यात चालतं का? जाऊन कोणी काही बोललं तर मला सहन होणार नाही.
– एक ताई, सोलापूर

ताई, तुमच्या शेजारणीला माहीत आहे ना तुमचं? माहीत असून बोलावलंय, म्हणजे जा.

खोटं सांगणार नाही, जुन्या रीतीत हे फक्त सधवांचं होतं. दशमीला देवी निघायच्या आधी बायका स्टुलावर चढून तिचं तोंड विड्याच्या पानांनी पुसतात, तिला संदेश नावाची मिठाई भरवतात, कानात "पुन्हा ये गं" म्हणतात, तिच्या भांगात सिंदूर भरतात, आणि मग एकमेकींना फासतात, भांगाला, शांख्याला, गालाला. ज्यांचा नवरा नाही त्या कडेला उभ्या राहायच्या, किंवा घरीच. आणि बंगालमध्ये विधवेचं जिणं आपल्याकडच्यापेक्षा कडक होतं. पांढरं थान म्हणजे बिनकाठाची साडी, मासा बंद, कांदा-लसूण बंद, मसूर डाळसुद्धा बंद, एकादशीला पाणी नाही. ज्या घरात सधवेने मासा खाल्लाच पाहिजे अशी सक्ती त्याच घरात दुसरीच्या ताटातून तो काढून घ्यायचा. कितीक जणींना काशी-वृंदावनाला पाठवून दिलं. त्याच्या मागे पैशाचाही हिशोब होता असं बरेच अभ्यासक मांडतात, कारण बंगालात दायभाग कायदा होता, त्यात मुलगा नसेल तर विधवेला नवऱ्याचा वाटा मिळायचा, आपल्याकडच्या मिताक्षरात एकत्र कुटुंबात तसं नव्हतं. वाटेकरीण कोणाला आवडते. विद्यासागरांनी खटपट करून १८५६ मध्ये विधवाविवाहाचा कायदा आणवला, स्वतःच्या मुलाचं लग्न विधवेशी लावलं, तरी मासा परत यायला अजून शंभर वर्षं लागली. आमच्या घरात सासऱ्यांनंतर सासूबाईंनी तेराव्यानंतर काही दिवसांनी इलिश मासा खाल्ला, तो मोठ्या जावेनेच ताटात वाढला आणि कोणी एक शब्द बोललं नाही. थोरल्या आत्या तेवढ्या उठून गेल्या.

गेल्या काही वर्षांत कोलकात्यातल्या बऱ्याच मंडपांमध्ये विधवा, घटस्फोटित, बिनलग्नाच्या, तृतीयपंथी अशा सगळ्यांना मुद्दाम बोलावतात. सगळीकडे नाही. आपल्याकडेही कोल्हापूर जिल्ह्यातल्या हेरवाड ग्रामपंचायतीने २०२२ मध्ये बांगड्या फोडणं, कुंकू पुसणं बंद करायचा ठराव केलाच की. साडी मात्र जुनी नेसा, सिंदूर कापडावरून जात नाही, आणि आधी चेहऱ्याला खोबरेल लावा. कोणी बोललं तर शेजारीण बघून घेईल, बंगाली बाईच्या तोंडी लागणं सोपं नसतं.

तुम्ही कायम शिकलेल्या, कोलकात्याच्या, हिंदू बायकांबद्दल लिहिता. बंगाल म्हणजे तेवढंच का? रागाने लिहितेय.
– एक सामाजिक कार्यकर्ती, मालेगाव

रागाने लिहिलंत ते बरं केलंत. मला तेच घर आतून माहीत आहे म्हणून तेच लिहिलं जातं, पण आकडे समोर ठेवते. २०११ च्या जनगणनेत पश्चिम बंगालमध्ये मुसलमान २७ टक्के आहेत, म्हणजे सिंदूर-शांख्याच्या चर्चेत चौथा हिस्सा घरं आलीच नाहीत. बेगम रोकेयांनी १९११ मध्ये कोलकात्यात मुसलमान मुलींची शाळा चालवली, नवरा गेल्यावर त्याच्याच नावाने, घरोघर बग्गी पाठवून मुली आणायच्या. आज मुर्शिदाबादमध्ये जंगीपूरकडे जा, दारादारात सुना मांडीवर सूप घेऊन विड्या वळताना दिसतील, तुमच्या-आमच्या सोलापुरात दिसतात तशाच. तिथे "बौ" म्हणजे हजार विड्यांमागे किती मिळतात ते मोजणारी बाई.

आणि लग्नाचं वय. राष्ट्रीय कुटुंब आरोग्य पाहणीच्या पाचव्या फेरीत, म्हणजे २०१९ ते २१, पश्चिम बंगालमध्ये २० ते २४ वयाच्या बायकांमधल्या ४१.६ टक्के अठराच्या आत लग्न झालेल्या निघाल्या. देशाचा आकडा २३.३, आपला महाराष्ट्राचा २१.९. कादंबिनीच्या, विद्यासागरांच्या बंगालात हं! मुलींना शाळेत ठेवायला २०१३ पासून कन्याश्री योजना आहे, तिला संयुक्त राष्ट्रांचं बक्षीसही मिळालं, तरी हे. तेव्हा शांखा घालायचा की नाही ही चर्चा ज्यांच्या घरात चालते त्या नशीबवान, एवढं मला कबूल आहे.

एक गोष्ट मात्र गावाकडे माझ्या डोळ्यासमोर बदलली. २०२१ मध्ये तिथल्या सरकारने लक्ष्मीर भांडार सुरू केलं, बाईच्या स्वतःच्या खात्यात महिन्याला ५०० रुपये, अनुसूचित जाती-जमातींना १०००, आणि २०२४ मध्ये ते १००० आणि १२०० झालं. नाव बघा, तीच लक्ष्मी, तेच भांडार. मतांसाठी आहे हे शेंबड्या पोरालाही कळतं, आपली लाडकी बहीण काय वेगळी होती? पण आमच्याकडे कामाला येणारी मासी दक्षिण चोवीस परगण्यातून लोकल पकडून येते, ती नवऱ्याला खात्याचा पिन सांगत नाही. त्याने दोनदा मारलं तरी नाही सांगितला. मला तिच्या हातात शांखा आहे का हे आठवत नाही, पिनचं आठवतं.

ताई मदत! मी ठाण्याची, नवरा (होणारा) बंगाली. त्यांच्याकडे भात-कापोड नावाचा विधी आहे, त्यात तो मला ताट आणि साडी देऊन म्हणणार की आजपासून तुझ्या भात-कपड्याची जबाबदारी माझी. माझा पगार त्याच्यापेक्षा जास्त आहे, मला हसू येईल. शिवाय कनकांजली म्हणून काहीतरी आहे त्यात मी आईचं ऋण फेडलं असं म्हणायचंय, आई आत्ताच रडतेय.
– एक नवरी, ठाणे

हसू आलं तर हस, बौभातच्या, म्हणजे सासरच्या जेवणावळीच्या दिवशी सगळे थकलेलेच असतात, कोणी मनावर घेत नाही. हल्ली बऱ्याच जणी लगेच दुसरं ताट उचलतात आणि धोतर-पंजाबी (म्हणजे कुर्ता) देऊन नवऱ्याला म्हणतात, तुझ्याही भात-कपड्याची माझी. सासूबाईंना आधी सांगून ठेव म्हणजे दोन ताटं तयार राहतील. ताट सोडू मात्र नकोस, त्यात पाच भाज्या, डाळ, माशाचं डोकं, पायेश म्हणजे खीर, सगळं असतं आणि आदल्या रात्री कालरात्री म्हणून तुम्हाला दोघांना एकमेकांचं तोंडही बघू दिलेलं नसतं. त्याआधी घरात शिरताना दूध-आळत्याच्या परातीत पाय बुडवायचे, दूध उतू जाताना बघायचं, कुठेकुठे जिवंत मासा हातात देतात. तो निसटतो, सगळे ओरडतात, मज्जा येते. आणि तत्त्वात, म्हणजे लग्नाच्या भेटींच्या ताटांत, येणारा रोहू मासा बघशीलच, त्याला नवरीसारखी साडी-नथ घालून पाठवतात, फोटो मला पाठव.

कनकांजली मला स्वतःला पटत नाही. आई मागे पदर पसरून उभी, आणि मुलीने न बघता डोक्यावरून तांदूळ फेकून म्हणायचं तुझं ऋण फेडलं. आता कितीतरी बंगाली मुली स्पष्ट सांगतात, तांदूळ टाकेन पण ते वाक्य म्हणणार नाही, आईचं ऋण फिटत नसतं. तूही तेच कर. पुरोहितबाई हव्या असतील तर कोलकात्यात नंदिनी भौमिक आणि त्यांच्या सहकारी कन्यादान न करता लग्न लावतात, मंत्रांचा अर्थ बंगालीतून सांगतात, मधे रवींद्रसंगीत असतं. २०२१ मध्ये याच बायकांनी दक्षिण कोलकात्यातल्या ६६ पल्ली या मंडळाची दुर्गापूजाही केली. ठाण्यातच लग्न असेल तर तुमच्या नेहमीच्या गुरुजींना आणि त्यांच्या ठाकूरमशायना, म्हणजे पुरोहितांना, आधी एकत्र चहाला बसव, नाहीतर मांडवात जुंपेल.

आणि हॉल बुक करण्याआधी त्यांच्या घरी महिना विचारून घे. त्यांचे महिने सौर, आपले चांद्र, पौष आणि चैत्रात ते लग्न लावत नाहीत आणि त्यांचा पौष आपल्या पौषाशी तंतोतंत जुळत नाही. आमच्या वेळी याच घोळात ॲडव्हान्स बुडाला.